आठवीनंतरच्या जूनवर माहितीपट: परवानग्या, संमती, आवाज आणि सुरुवात कुठून? (बडोदं)

सुरसागर_काठ

नमस्कार मंडळी. बडोद्यात राहते, पंचविशीच्या आतली आहे आणि साधारण ४० मिनिटांचा माहितीपट करायला घेतलाय. शिक्षण हक्क कायद्याच्या कलम १२ (१) (सी) खाली २५ टक्के राखीव जागांवर खासगी शाळेत पहिलीला गेलेली मुलं आता आठवीत आली आहेत. हा हक्क प्राथमिक शिक्षण पुरं होईपर्यंतच, म्हणजे आठवीपर्यंतच आहे. नववीला त्याच बाकावर बसायचं तर पूर्ण फी भरायची. आठवी संपते तेव्हा या घरांमध्ये काय घडतं, ते मला दाखवायचंय.

तीन कुटुंबं तयार आहेत. दोन घरांत मराठी बोलतात, एकात गुजराती. सामान बेताचंच: एपीएस-सी सेन्सरचा मिररलेस कॅमेरा, ३५ मिमीची लेन्स, किट लेन्स, दोन कॉलर माइकचा वायरलेस सेट आणि ट्रायपॉड. जोडीला एक मैत्रीण, आवाजाकडे ती बघेल.

अडलंय ते इथे. खासगी शाळा कॅमेरा आत येऊ देत नाहीत. पालकांची लेखी संमती घ्यायची तर कागदावर नेमकं काय असावं? घरात पंखा, रस्ता आणि उघड्या भिंतींचा घुमारा, यात आवाज धड येत नाही. शिवाय जो भेटतो तो म्हणतो, सयाजीरावांच्या सक्तीच्या शिक्षणापासून सुरुवात कर. करावी का?

---

कोठी_चाररस्ता

विषय भक्कम आहे, पण त्याचा हंगाम फार छोटा असतो. तो हुकला की वर्षभर थांबायचं. म्हणून आधी वेळापत्रक बांधा. घरातले खरे निर्णय आठवीची वार्षिक परीक्षा आणि जूनमध्ये शाळा उघडणं, या दोन टोकांच्या मध्ये होतात. कुणाकडून उसने घ्यायचे, धाकट्याचं काय, शाळा बदलली तर मित्र तुटतील का, हे सगळं त्याच आठवड्यांत बोललं जातं. चित्रीकरणाचा निम्मा वेळ त्यासाठीच राखून ठेवा. डिसेंबर-जानेवारीत घरी जाऊन येऊन कॅमेऱ्याची सवय करून द्या, म्हणजे मे महिन्यात तुम्ही घरात आहात हे कुणाच्या लक्षातही राहणार नाही.

पैशाची बाजू कागदावर पकडा. आठवीपर्यंत शाळेला शासन पैसे देतं, आणि गुजरातेत पालकांच्या खात्यात गणवेश-पुस्तकांसाठी वर्षाला ३,००० रुपये येतात. नववीत दोन्ही थांबतं. फीचा आकडा पालकांच्या तोंडून जरूर घ्या, पण तेवढ्यावर विसंबू नका. खासगी शाळांची फी २०१७च्या कायद्याने नेमलेल्या शुल्क नियमन समित्या मंजूर करतात आणि बडोदा विभागाची समिती वेगळी आहे. शाळेचा मंजूर आदेश मिळवा, शेजारी प्रत्यक्षातली पावती ठेवा. व्हॅन, ट्युशन, सहल, वह्या हा खर्च त्या आदेशात दिसत नाही, आणि पालकांची कंबर बऱ्याचदा तिथेच मोडते.

आता एक गोष्ट जी बहुतेकांच्या नजरेतून सुटते. केंद्राची एनएमएमएस शिष्यवृत्ती आठवीत परीक्षा देऊन मिळते, नववी ते बारावी वर्षाला १२,००० रुपये. पण ती सरकारी, अनुदानित आणि स्थानिक संस्थांच्या शाळांतल्या मुलांसाठी आहे. २५ टक्क्यांतून खासगी शाळेत गेलेल्या मुलाला ती परीक्षा देता येत नाही, घरचं उत्पन्न तेवढंच असलं तरी. गुजरात सरकारची ज्ञान साधना शिष्यवृत्तीची परीक्षा मात्र या मुलांनाही खुली आहे. तुमच्या तीनपैकी कुणी तिला बसणार असेल तर फॉर्म भरण्यापासून निकालापर्यंत पाठ सोडू नका.

यातूनच माझी सूचना: चौथं कुटुंब घ्या, त्याच गल्लीतलं, मूल नगर प्राथमिक शिक्षण समितीच्या (महापालिकेच्या) शाळेत आठवीत असलेलं. हे मूल एनएमएमएसला बसेल आणि शेजारचं बसू शकणार नाही. दोघं एकाच ओट्यावर अभ्यास करताना दाखवलीत तर निवेदनाची चार पानं वाचतील.

समितीच्या शाळेची परवानगी समितीच्या शासनाधिकाऱ्यांकडे मागायची, मुख्याध्यापकांकडे नव्हे. अर्जात तारखा, वेळा, माणसं किती (दोनच लिहा), कोणत्या वर्गात, आणि परीक्षेच्या दिवसांत येणार नाही हे स्पष्ट असू द्या. त्याआधी शाळा व्यवस्थापन समितीला भेटा. कायद्याने तिच्यात तीन चतुर्थांश पालक असतात आणि निम्म्या स्त्रिया. त्यांचा ठराव अर्जाला जोडला की मुख्याध्यापकांच्या मनावरचं ओझं उतरतं.

माहिती अधिकाराचा अर्ज आजच टाका. गुजरातेत नमुना 'क' आणि २० रुपये शुल्क. ३० दिवसांत उत्तर यायला हवं, नाही आलं तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील. 'किती मुलं शाळा सोडतात आणि का' असं विचारलंत तर 'माहिती उपलब्ध नाही' एवढंच येईल. अमुक वर्षी २५ टक्क्यांत पहिलीला प्रवेश दिलेल्या मुलांची शाळावार संख्या आणि सात वर्षांनी त्यांतल्या त्याच शाळेच्या आठवीत असलेल्यांची शाळावार संख्या, असं नोंदीत असलेलं मागा. वजाबाकी तुम्ही करा.

---

फतेगंज_वकील

संमतीबद्दल सविस्तर लिहिते, कारण इथे घाई झाली तर त्रास त्या मुलाला होतो.

आठवीतलं मूल १३-१४ वर्षांचं असतं. सही पालकांची लागते, पण मुलाचा होकार वेगळा विचारायचा, आईवडील खोलीत नसताना. दोन्ही कागद घरच्या भाषेत, एका पानाचे. त्यात असू द्या: माहितीपट कशावर आहे, कुठे कुठे दाखवणार (महोत्सव, शाळा-कॉलेजं, यूट्यूब असं वेगवेगळं, प्रत्येकापुढे होय-नाहीची चौकट), नाव वापरायचं की बदलायचं, पैसे दिले जाणार नाहीत, चित्रीकरण कधीही थांबवता येईल आणि अमुक तारखेपर्यंत पूर्ण माघार घेता येईल. ती तारीख अंतिम संकलनाच्या आधीची ठेवा. एक प्रत त्यांच्याकडे. वाचता येत नसेल तर मोठ्याने वाचून दाखवा आणि ते वाचन व होकार रेकॉर्ड करा. २०२३चा डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदाही १८ वर्षांखालच्यांसाठी पालकांची पडताळता येईल अशी संमती मागतो.

एकदाच्या सहीवर थांबू नका. सुरुवातीला एकदा, चित्रीकरण संपल्यावर एकदा, आणि कच्चं संकलन दाखवून तिसऱ्यांदा. आपण काय बोललो ते पडद्यावर बघेपर्यंत कुणालाच नीट कळत नाही.

आता धोके. मूल सुट्टीत एखाद्या दुकानात कामाला जात असेल तर कॅमेरा सुरू करण्याआधी थांबा. १४ वर्षांखालच्या मुलाला कामावर ठेवणं गुन्हा आहे. २०१६च्या दुरुस्तीने सूट दिली ती शाळेनंतर किंवा सुट्टीत घरच्या, धोकादायक नसलेल्या कामात मदत करण्यापुरती. वडिलांच्या भाजीच्या गाडीवर बसलेला मुलगा आणि परक्याच्या गॅरेजमध्ये पाना धरलेला मुलगा, या दोन दृश्यांत कायद्याच्या नजरेने मोठा फरक आहे. कायदा मोडून कामाला लावलेलं मूल बाल न्याय कायद्यात 'काळजी आणि संरक्षणाची गरज असलेलं' ठरतं. त्याच्याबद्दल चौकशी सुरू असेल तर कलम ७४ प्रमाणे नाव, पत्ता, शाळा, चित्र, ओळख पटेल असं काहीही दाखवता येत नाही. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. आणि तुमच्या दृश्यामुळे ती चौकशी सुरू झाली, तर तिला सामोरं जायला ते कुटुंब असेल, तुम्ही नसाल.

दुसरा धोका उत्पन्नाचा. २५ टक्क्यांचा प्रवेश उत्पन्नाच्या दाखल्यावर असतो, आणि दाखला खोटा ठरला तर प्रवेश रद्द होतो. कुटुंबात धाकटं भावंडही त्याच मार्गाने शिकत असेल तर घरातला नवा टीव्ही, काकांची उभी असलेली गाडी, 'महिन्याला एवढे मिळतात' हे सहज निघालेलं वाक्य, यातलं काहीही कुणीतरी तक्रारीला जोडू शकतं. आकडा गाळा. चौकट घट्ट धरा.

कागदपत्रं जवळून घेताना आधार क्रमांक, फोन, जातीच्या दाखल्याचा क्रमांक आणि शाळेचा जनरल रजिस्टर नंबर पांढऱ्या पट्टीने झाकूनच घ्या. नंतर धूसर करू म्हणून सोडलेली एखादी फ्रेम हमखास राहून जाते.

शाळा नकार देत असेल तर फाटकाबाहेरून चोरून घेऊ नका. रस्ता सार्वजनिक असला तरी बाहेर पडणाऱ्या पन्नास मुलांपैकी सत्तेचाळीस जणांची संमती तुमच्याकडे नाही, आणि टाय, बॅज, बसवरचं नाव यातून शाळाही ओळखू येते. तशी शाळेच्या आतल्या दृश्यांची या विषयाला फारशी गरज नाही. दप्तर भरणं, व्हॅनची वाट, ट्युशन, शाळा सोडल्याचा दाखला हातात येणं, नव्या शाळेचा गणवेश शिवायला टाकणं, हे सगळं फाटकाबाहेरचंच आहे.

---

रावपुरा_बूमवाला

आवाज. क्रमाने सांगतो, कारण क्रम चुकला की महागडा माइकही उपयोगाचा नाही.

पहिली निवड जागेची. बडोद्याच्या जुन्या भागातली दहा बाय दहाची खोली, लादी आणि उघड्या भिंती, म्हणजे घुमारा ठरलेला. माणसाला खोलीच्या मधोमध बसवू नका आणि भिंतीला चिकटवूही नका. कॅमेऱ्यामागे दोरीवर दोन गोधड्या किंवा रजया टांगा, पायाखाली सतरंजी, जमलं तर बाजूच्या भिंतीला उभी गादी. बोलणाऱ्याच्या समोरची भिंत मऊ झाली पाहिजे, आवाज तिथूनच उलटून येतो. घरात कपडे वाळत घातलेली गॅलरी असेल तर तीही चांगली, फक्त रस्त्याच्या बाजूची नको.

पंखा बंदच. त्याची घरघर नंतर सॉफ्टवेअरने काढली की आवाज पाण्याखालून आल्यासारखा होतो आणि स, श, च ही अक्षरं खाल्ली जातात. पण बडोद्याच्या मे महिन्यात मुलाला बंद पंख्याखाली तासभर बसवणं बरोबर नाही. दहा मिनिटं बोलणं, पाच मिनिटं पंखा आणि पाणी. मुलाखती सकाळी ७ ते ९ मध्ये उरका. फ्रिज बंद कराल तर परत सुरू करायची चिठ्ठी कॅमेऱ्याला चिकटवा, नाहीतर त्या घरचं दूध नासेल.

कॉलर माइक हनुवटीखाली एक वीत, कपड्याच्या आतल्या बाजूला, मायक्रोपोर पट्टीने दोन्हीकडून धरलेला. नव्या गणवेशाच्या खळीचं कापड फार कुरकुरतं, एकदा धुतलेला शर्ट घालायला सांगा. मुलींच्या बाबतीत माइक आईने किंवा तुमच्या मैत्रिणीने लावावा, हे आधीच सांगून ठेवा. ट्रान्समीटर कंबरेला मागे लावला आणि रिसीव्हर समोर असला तर मध्ये शरीर येतं. २.४ गिगाहर्ट्झचे हे सेट वायफायच्या गर्दीत तुटक होतात, म्हणून घरचा राउटर तेवढा वेळ बंद ठेवायची विनंती करा आणि ट्रान्समीटरमध्येच रेकॉर्ड करायची सोय असेल तर ती कायम चालू ठेवा.

४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. नेहमीचं बोलणं उणे १२ डेसिबलच्या आसपास, मोठ्याने हसलं तरी उणे ६ च्या वर जाऊ नये. कॅमेऱ्याचा ऑटो गेन बंद करा. तो चालू असला की शांततेत गोंगाट वर येतो, आणि तुमच्या माहितीपटात शांतताच जास्त बोलणार आहे. प्रत्येक जागी शेवटी सगळ्यांनी गप्प बसून ६० सेकंद खोलीचा आवाज घ्या. संकलनात दोन वाक्यं जोडताना तोच लागतो.

लग्नसराईत संध्याकाळी मुलाखत ठेवू नका, वरघोडा (वरात) आणि डीजे दोन गल्ल्या पलीकडूनही ऐकू येतात. नवरात्राच्या रात्री आणि उत्तरायणाचे दोन दिवस तर विसराच.

चित्राचं थोडक्यात: २५ फ्रेम, शटर १/५०, कारण आपली वीज ५० हर्ट्झची आणि ट्यूबलाइट दुसऱ्या वेगाला लुकलुकते. स्वस्त एलईडी बल्ब तरीही पट्टे दाखवतात, १/१०० करून बघा, नाहीतर तो बल्ब बंद. कॅमेरा मुलाच्या डोळ्यांच्या उंचीवर, आणि मूल जमिनीवर बसून लिहीत असेल तर तुम्हीही जमिनीवर. उभ्याने वरून घेतलेलं गरीब घरातलं मूल बघणाऱ्याला केविलवाणं वाटतं, तसं ते नसतं.

---

मांडवीचा_वाचक

सयाजीरावांपासून सुरुवात करू नका. नेमक्या जागी एक-दीड मिनिट द्या. ती जागा कोणती, ते सांगतो.

१८९३ मध्ये अमरेली तालुक्यातल्या काही गावांत मोफत आणि सक्तीच्या शिक्षणाचा प्रयोग झाला आणि १९०६ मध्ये ते संपूर्ण बडोदा संस्थानात लागू झालं, मुलगे ७ ते १२ आणि मुली ७ ते १० वर्षं. मूल शाळेत पाठवलं नाही तर दंड पालकाला होता. २००९च्या कायद्यात, जो १ एप्रिल २०१० पासून लागू झाला, जबाबदारी सरकारवर आणि शाळेवर आहे. शंभर वर्षांत बोट पालकाकडून राज्याकडे वळलं. आता नववीच्या फीच्या खिडकीशी उभे असलेले वडील बघा: तिथे बोट पुन्हा त्यांच्याकडेच वळतं. हा इतिहास त्या दृश्याला लागून आला तर कळेल, आधी आला तर पाठ्यपुस्तक वाटेल.

शिक्षण आणि संधी यांतलं अंतर दाखवायचं तर याच शहरात त्याहून धारदार गोष्ट आहे. डॉ. आंबेडकरांना १९१३ मध्ये कोलंबिया विद्यापीठासाठी बडोदा संस्थानाची शिष्यवृत्ती मिळाली, महिना साडेअकरा पौंड, तीन वर्षांसाठी. करारानुसार ते १९१७ मध्ये संस्थानाच्या नोकरीसाठी बडोद्याला आले आणि जातीमुळे राहायला जागा मिळेना. पारशी धर्मशाळेतूनही त्यांना बाहेर काढण्यात आलं. शिष्यवृत्ती देणारं संस्थान आणि खोली नाकारणारं शहर एकच होतं. त्यानंतर ते जिथे झाडाखाली बसले ती कमाटीबाग आणि तिथली त्यांच्या संकल्पाची जागा, संकल्पभूमी, तुमच्या कुटुंबांपासून रिक्षाच्या अंतरावर आहेत. तिथे मुलाला नेऊन भाषण करायला लावू नका. ते आपणहून कधी गेलं असेल, तरच.

दृश्यांसाठी मांडवीच्या मध्यवर्ती ग्रंथालयाचा विचार करा. सयाजीरावांनी १९१० मध्ये अमेरिकेतून बोलावलेल्या विल्यम बॉर्डन या ग्रंथपालांनी ते उभं केलं, आणि लोखंडी फडताळं व काचेच्या फरश्या तिथे आजही आहेत. २०१२च्या दुरुस्तीपासून फोटोंवरचा स्वामित्वहक्क छायाचित्रकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षांपर्यंत राहतो, तेव्हा जुना फोटो वापरण्याआधी त्याचा हक्क संपलाय का ते तपासा. ज्या संस्थेकडून प्रत घ्याल तिची परवानगी आणि श्रेयनाम ही बाब मात्र वेगळी.

---

अलकापुरी_एडिट

तीन गोष्टी. सेकंदाला १०० मेगाबिटने ४के घेतलंत तर एका तासाला ४५ जीबी लागतात. ४० तास म्हणजे १.८ टीबी, वर प्रॉक्सी फाइली (संकलनासाठीच्या हलक्या प्रती). म्हणून ४ टीबीच्या दोन डिस्क घ्या, एक तुमच्याकडे, दुसरी मैत्रिणीच्या घरी. दोन्हीकडे कॉपी झाल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही.

मुलाखतीत 'तुला वाईट वाटतं का?' असं विचारलंत की मूल 'हो' म्हणून थांबतं. 'आज उठल्यापासून व्हॅनमध्ये बसेपर्यंत काय काय केलंस?' असं विचारा आणि उत्तर संपल्यावर पाच सेकंद गप्प राहा. प्रश्न घरच्या भाषेतच. इंग्रजी माध्यमाचं मूल इंग्रजीत विचारलं की शाळेतल्यासारखं पाठ उत्तर देतं.

उपशीर्षकं देवनागरीत असतील तर जोडाक्षरं पहिल्याच दिवशी तपासा. प्रीमियर या संकलनाच्या सॉफ्टवेअरमध्ये ग्राफिक्सच्या सेटिंगमध्ये टेक्स्ट इंजिन 'साउथ एशियन अँड मिडल ईस्टर्न' केल्याशिवाय 'क्ष' आणि 'र्‍या' फुटतात. दोन ओळींपेक्षा जास्त नको, आणि बोलणाऱ्याने गुजराती शब्द घातलेलं मराठी सरळ करून टाकू नका.

---

सुरसागर_काठ

खूप आभार, अर्जाचा मसुदा आजच करते. चौथ्या कुटुंबाची सूचना पटली. एक अडचण राहिली: एका घरी वडिलांनी आनंदाने सही केली, पण मुलीला एकटीला विचारलं तेव्हा ती 'नको' म्हणाली. वर्गातल्या मुली चिडवतील असं तिला वाटतं. वडील म्हणतात, मी समजावतो.

---

फतेगंज_वकील

ताई, वडिलांना समजावू देऊ नका. मुलीचा नकार अंतिम धरा आणि तिच्यावर दोष येऊ न देता 'तीनच कुटुंबं पुरेशी झाली' असं स्वतःवर घेऊन सांगा. आतापर्यंत घेतलेली तिची फुटेज दोन्ही डिस्कवरून पुसा आणि तसं तिला कळवा.

वडील आणि आई बोलायला तयार असतील, तर मुलीचं वय, शाळा, चेहरा आणि आवाज न दाखवता फक्त फीच्या हिशोबावर त्यांची मुलाखत घेता येईल का, हे तिलाच विचारा. पण वडील दिसले की मुलगी ओळखू येते, गल्लीला तर नक्कीच. तिला तेही नको असेल तर त्या घरचा हिशोब नाव-गाव बदलून दुसऱ्याच्या आवाजात वाचता येईल. तेवढ्यालाही तिचा होकार लागेल.